अध्यापनाचे चिंतन नेमके कोणासाठी लिहायचे?

पायवाट

जिल्हा परिषदेच्या शाळेतील शिक्षकाला लिहिण्याच्या कामाचा तुटवडा कधीच नसतो. वार्षिक नियोजन, घटक नियोजन, दैनिक टाचण (रोजच्या पाठाची आखणी), आकारिक मूल्यमापनाच्या (शिकणे चालू असतानाच्या मूल्यमापनाच्या) नोंदी, आणि त्याखेरीज ‘आज सायंकाळपर्यंत भरावी’ अशी सूचना घेऊन येणारी एखादी लिंक. यातील बऱ्याच नमुन्यांत शेवटचा रकाना ‘स्वयंमूल्यमापन’ किंवा ‘शिक्षकाचे चिंतन’ असा असतो आणि त्यात ‘विद्यार्थ्यांचा प्रतिसाद उत्तम होता’ यापलीकडे फारसे काही लिहिलेले मी पाहिलेले नाही. हा शिक्षकांचा आळस आहे असे मला वाटत नाही. जो कागद वरिष्ठांच्या टेबलावर जाणार आहे, त्यावर माणूस वरिष्ठांना वाचायला आवडेल तेच लिहितो.

२०१० साली शिक्षण हक्क कायदा लागू झाल्यावर आपल्याकडे सातत्यपूर्ण सर्वंकष मूल्यमापन आले, त्याची आठ साधनतंत्रे आली आणि प्रत्येक मुलाच्या वर्णनात्मक नोंदी आल्या. कल्पना उत्तम होती, कारण शिक्षकाने मुलाकडे बारकाईने पाहावे आणि जे दिसले ते लिहावे एवढीच तिची अपेक्षा होती. थोड्याच काळात बाजारात नोंदींच्या तयार पुस्तिका मिळू लागल्या, नंतर त्याच नोंदी पीडीएफच्या रूपाने फिरू लागल्या, आणि ‘कवितांचे तालासुरात गायन करतो’ हे वाक्य मुलगा गातो की नाही याची चौकशी न करता राज्यभर उतरवले गेले.

माझे म्हणणे असे आहे की चिंतनाची सुरुवात मुलाच्या एखाद्या विशिष्ट उत्तरापासून झाली, ते एखाद्या सहकाऱ्यासमोर मांडले गेले आणि त्याची नोंद शिक्षकाकडेच राहिली, तरच त्यातून शिकवण्यात फरक पडतो. एक उदाहरण देते. माझ्या तिसरीच्या वर्गात ५२ वजा २७ या उदाहरणाचे उत्तर बऱ्याच मुलांनी ३५ लिहिले आहे. दैनिक टाचणात मी ‘हातच्याच्या वजाबाकीचा अधिक सराव आवश्यक’ असे लिहू शकते आणि त्यावर कोणाचीही हरकत येणार नाही. परंतु सराव नेमका कशाचा द्यायचा, हे त्या वाक्यातून मलाच कळत नाही. आपण आपल्या तासाकडे कसे पाहता, त्याबद्दल काही लिहिता का, आणि लिहीत असाल तर ते कोण वाचते, हे जाणून घ्यायला आवडेल.

निवृत्त_केंद्रप्रमुख

पायवाट मॅडम, आपला मुद्दा मान्य आहे, पण नमुन्यांची दुसरी बाजूही नोंदवतो. आमच्या केंद्रात साधारण दहा-बारा शाळा होत्या आणि त्यांतील काही शाळांत लिखाणाची सक्ती नसती तर नियोजन मुळीच झाले नसते. टाचण वहीमुळे निदान उद्या काय शिकवायचे याचा विचार आदल्या दिवशी व्हायचा. सक्तीने माणूस विचार करू लागत नाही हे खरे असले, तरी सगळीच सक्ती काढून टाकली की विचार आपोआप सुरू होतो, असेही मी पाहिलेले नाही.

महिन्याची शिक्षण परिषद, म्हणजे केंद्रातील शिक्षकांची बैठक, हे खरे तर शिक्षकांनी एकमेकांसमोर अडचणी मांडण्याचे ठिकाण. प्रत्यक्षात तिचा पहिला तास स्वागत आणि प्रास्ताविकात जातो, दुसरा पोषण आहार, आधार जोडणी आणि थकीत माहितीच्या आढाव्यात जातो, आणि जेवणानंतर एखादे तज्ज्ञ शिक्षक सादरीकरण दाखवतात तेव्हा निम्मी मंडळी परतीच्या गाडीची वेळ पाहत असतात. आदर्श पाठाचेही तसेच. निवडक हुशार मुले पुढे बसवून घेतलेला पाठ पाहून ‘फार छान’ म्हणण्यापलीकडे कोणी काय बोलणार? तिथे कोणाचे काही अडलेलेच नसते.

नवी_रुजूवात

मी शिक्षणसेवक, म्हणजे सुरुवातीची काही वर्षे मानधनावर काम करणारा शिक्षक आहे, त्यामुळे थोडे स्पष्ट लिहितो. माझ्या वर्गातील अमुक मुलांना अमुक येत नाही असे मी परिषदेत सांगितले, तर ‘नवीन आहे, जमत नसेल’ असा शेरा पाठीशी लागतो. सेवेची सुरुवातीची वर्षे पूर्ण व्हायची असताना असा शेरा कोणालाही परवडत नाही. ज्येष्ठ शिक्षकांनी आधी स्वतःच्या वर्गातील अडलेल्या गोष्टी मांडल्या, तर आम्हालाही बोलता येईल. तोपर्यंत ‘प्रतिसाद उत्तम होता’ हेच सर्वांत सुरक्षित वाक्य आहे.

गणिती_काका

मी एका अनुदानित माध्यमिक शाळेत गणित शिकवतो. पायवाट मॅडमनी दिलेले उदाहरण पाहून राहवले नाही, कारण ५२ वजा २७ बरोबर ३५ हे उत्तर दोन अगदी वेगळ्या विचारांतून येऊ शकते आणि केवळ उत्तर पाहून त्यातला फरक ओळखता येत नाही.

पहिल्या प्रकारचे मूल प्रत्येक स्थानावर मोठ्या अंकातून लहान अंक वजा करते. एककात २ मधून ७ जात नाहीत, म्हणून ते ७ मधून २ घालवते आणि ५ लिहिते. दशकात ५ मधून २ गेले की ३ उरतात. या मुलाने दशक मोकळा करण्याचा विचारच केलेला नाही. दुसऱ्या प्रकारचे मूल दशक घेते, १२ मधून ७ घालवून ५ लिहिते, पण दशकाच्या घरातील ५ चे ४ करायचे विसरते आणि तेही ३५ वर येऊन पोहोचते. या मुलाला पद्धत ठाऊक आहे, फक्त एक पायरी गळाली आहे. एकाला काड्यांचे गठ्ठे सोडून पुन्हा मोजायला देणे आवश्यक आहे, तर दुसऱ्याला दशकाच्या अंकावर काट मारून वर नवा अंक लिहिण्याची सवय लावली की बहुधा पुरते. दोघांनाही फळ्यावरची तीच वीस उदाहरणे दिली, तर पहिल्या मुलाची चूकच पक्की होईल.

असे का झाले, तर ७ आणि २ यांतील फरक नेमका ५ आहे आणि १२ मधून ७ गेले तरी ५ च उरतात. एककांच्या अंकांतील फरक ५ असेल तेव्हा या दोन्ही चुका एकाच उत्तरावर येतात. त्याऐवजी ५३ वजा २७ द्या. मोठ्यातून लहान वजा करणारे मूल ३४ लिहील, दशक कमी करायला विसरणारे ३६ लिहील आणि बरोबर उत्तर २६ येईल. उदाहरणातील अंक शिक्षकाने विचार करून निवडले, तर वही तपासतानाच मुलाच्या मनात काय चालले आहे ते कळते. पाठ्यपुस्तकातील उदाहरणे या दृष्टीने निवडलेली असतातच असे नाही, हे जाता जाता नमूद करतो.

आमच्याकडे आठवीत येणाऱ्या मुलांत याचीच मोठी भावंडे भेटतात. एक द्वितीयांश अधिक एक तृतीयांश बरोबर दोन पंचमांश, किंवा ०.४५ हे ०.५ पेक्षा मोठे, कारण ४५ हे ५ पेक्षा मोठे. पूर्णांकांसाठी शिकलेला नियम मूल प्रामाणिकपणे पुढे नेत असते. त्याला निष्काळजी म्हणून लाल शेरा मारला, की तो नियम कुठला होता हे विचारायची संधी गेली.

पायवाट

गणिती_काका, मनापासून आभार. आपण सांगितलेले उदाहरण वर्गात देऊन पाहिले आणि दोन्ही गट खरोखरच निराळे निघाले. त्याखेरीज काही मुले बोटांवर मागे मोजत असल्यामुळे एकाने चुकत होती आणि २५ किंवा २७ लिहीत होती. त्यांचा हातच्याशी काही संबंधच नव्हता. आता गठ्ठे आणि सुट्या काड्या घेऊन फक्त पहिल्या गटाबरोबर बसत आहे.

नवी_रुजूवात यांनी मांडलेली भीती मला पूर्णपणे पटते. म्हणूनच ही नोंद वर पाठवायची नसावी असे मी म्हणत होते.

अध्यापकाचार्य

मी अध्यापक विद्यालयात शिकवते, म्हणून या विषयाच्या उगमाबद्दल थोडे लिहिते. अमेरिकन तत्त्वज्ञ जॉन ड्यूई यांनी १९१० साली चिंतनशील विचाराचे जे वर्णन केले, त्यात विचाराची सुरुवात अडचणीतून किंवा संभ्रमातून होते. सगळे सुरळीत चालले असताना माणूस सवयीने वागतो. अमेरिकन अभ्यासक डोनाल्ड शॉन यांनी १९८३ मध्ये कृती चालू असताना होणारा विचार आणि कृती संपल्यानंतरचा विचार यांत फरक केला. गमतीची गोष्ट अशी की त्यांची मुख्य उदाहरणे वास्तुरचनाकार, मानसोपचारतज्ज्ञ, अभियंते आणि नगररचनाकार यांची होती. शिक्षणशास्त्राने ती कल्पना इतक्या उत्साहाने उचलली की आज ती जगभरच्या शिक्षक-प्रशिक्षणाच्या अभ्यासक्रमांत आहे, आणि दुर्दैवाने बहुतेक ठिकाणी एक भरायचा तक्ता म्हणूनच आहे.

आमच्या क्षेत्राचा यात मोठा वाटा आहे, हे मान्य केले पाहिजे. छात्राध्यापकाच्या, म्हणजे प्रशिक्षण घेणाऱ्या भावी शिक्षकाच्या, पाठाचे निरीक्षण करताना आम्ही प्रस्तावना, आवाजातील चढउतार, फलकलेखन, शैक्षणिक साहित्य आणि वर्गनियंत्रण यांना गुण देतो. या सगळ्या रकान्यांत शिक्षक आहे, पण मुलाला काय समजले यासाठी निरीक्षकाने कोठे पाहावे, हे सांगणारा रकाना क्वचितच असतो. ज्याला उमेदवारीच्या काळात आपला आवाज आणि फळा यांवरच गुण मिळाले, तो पुढे स्वतःकडे पाहतानाही आवाज आणि फळाच पाहणार.

कृतिसंशोधनाचे, म्हणजे शिक्षकाने आपल्याच वर्गातील अडचणीवर केलेल्या संशोधनाचे, तेच झाले. ब्रिटनमध्ये १९७० च्या दशकात लॉरेन्स स्टेनहाउस यांनी शिक्षक हाच आपल्या वर्गाचा संशोधक असावा असा आग्रह धरला. आपल्याकडे कृतिसंशोधन अभ्यासक्रमात आले ते अहवालाच्या साच्यासकट. गरज, उद्दिष्टे, गृहीतके, पूर्वचाचणी, उपक्रम, उत्तरचाचणी आणि शेवटी हमखास सुधारणा! एखाद्या अहवालात ‘उपक्रमाचा उपयोग झाला नाही’ असा निष्कर्ष आढळला, तर मी त्या छात्राध्यापकाला आनंदाने अधिक गुण देईन. तशी वेळ फारशी येत नाही. वरिष्ठ वेतनश्रेणीसाठी १२ वर्षांनी आणि निवड वेतनश्रेणीसाठी २४ वर्षांनी प्रशिक्षण घ्यावे लागते, तेव्हाही स्वाध्यायांची तयार उत्तरे गटागटांतून फिरतात. वेतनवाढ आणि प्रामाणिक चिंतन या दोन गोष्टी एकाच कागदावर मागितल्या, तर कागद कोणत्या बाजूला झुकणार हे उघड आहे.

मध्यंतर

वरील चर्चा चांगली आहे, परंतु माझी शाळा द्विशिक्षकी आहे. साठपर्यंत पट असला की दोन शिक्षक, हा कायद्याचा निकष सर्वांना माहीत आहे. माझ्यासमोर एकाच खोलीत दोन इयत्ता असतात आणि माझे सहकारी कार्यालयीन कामासाठी तालुक्याला गेले की चारही इयत्ता माझ्याकडे येतात. माझा तास कोणी येऊन पाहावा किंवा मी दुसऱ्याचा तास पाहावा, ही सूचना माझ्यासाठी निव्वळ कागदी आहे. एकट्याने काय करता येते ते सांगा.

अध्यापकाचार्य

मध्यंतर सर, एकट्याने करण्याजोगी आणि खर्च नसलेली एक गोष्ट सुचवते. भ्रमणध्वनी टेबलावर ठेवून तासातील दहा मिनिटांचा फक्त आवाज ध्वनिमुद्रित करावा. चित्रीकरण नको, कारण त्यात मुलांचे चेहरे येतात आणि कोणीतरी तो तुकडा गटावर टाकण्याचा मोह आवरत नाही. घरी ऐकताना फक्त दोन गोष्टी पाहाव्यात : प्रश्न विचारल्यानंतर आपण किती वेळ थांबतो, आणि उत्तर एक मूल देते की सगळा वर्ग एका सुरात.

अमेरिकेतील मेरी बड रो यांनी १९७० च्या दशकात विज्ञानाच्या तासांची ध्वनिमुद्रणे ऐकून दाखवून दिले की शिक्षक प्रश्न विचारल्यावर सरासरी एक सेकंदाच्या आसपासच थांबतात. तो अवकाश तीन सेकंदांच्या पुढे नेला, तेव्हा मुलांची उत्तरे लांबली, गप्प राहणाऱ्यांचे प्रमाण घटले आणि मुले आपणहून प्रश्न विचारू लागली. तीन सेकंद म्हणजे फार नव्हे असे वाटते, पण वर्गात उभे राहून शांतपणे तेवढे थांबून पाहा. आपल्याकडे तर ‘समजलं का?’ या प्रश्नाला ‘होऽऽ बाई’ असे सामूहिक उत्तर मिळण्याची इतकी पक्की सवय आहे की तो प्रश्न उरलाच नाही. पुढच्या पानाकडे वळण्याची ती सूचना झाली आहे. वर्ग एका सुरात बोलतो तेव्हा न समजलेल्या मुलाला लपायला उत्तम जागा मिळते.

उगवतीकडून

मी जपानमध्ये एका प्राथमिक शाळेत इंग्रजीची सहायक शिक्षिका म्हणून काम करते. येथे पाठाचा सामूहिक अभ्यास करण्याची पद्धत मेइजी काळापासून, म्हणजे एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून, चालत आलेली आहे. तिला ‘जुग्यो केनक्यू’ म्हणतात आणि तिच्यातील दोन गोष्टी या चर्चेशी थेट जोडलेल्या आहेत.

पहिली म्हणजे पाठनियोजनातच मुलांकडून अपेक्षित असलेल्या प्रतिसादांचा रकाना असतो. त्यात बरोबर उत्तराबरोबरच मुले कोणकोणत्या निराळ्या मार्गांनी जातील, कोठे अडतील आणि तेव्हा शिक्षक काय विचारेल, हे गटाने बसून आधी लिहिलेले असते. गणिती_काकांनी ३४ आणि ३६ यांचे जे विश्लेषण केले, ते येथे पाठ घेण्यापूर्वी होते. दुसरी गोष्ट पाहणाऱ्यांची. पाठाच्या दिवशी इतर शिक्षक वर्गाच्या कडेने उभे राहतात आणि त्यांची नजर बहुतेक वेळ मुलांच्या वहीवर असते. नंतरच्या सभेत पाठ घेणारा शिक्षक प्रथम बोलतो, मग निरीक्षक ‘अमुक मुलाने आधी असे लिहिले, नंतर खोडले’ अशा प्रकारची निरीक्षणे मांडतात. नियोजन गटाने केलेले असल्यामुळे पाठ फसला तरी तो एकट्याचा फसत नाही, आणि नवी_रुजूवात यांच्या प्रश्नाचे काही अंशी उत्तर येथे असावे.

ही पद्धत आहे तशी उचलून आणावी असे मी म्हणणार नाही. येथील शिक्षक संध्याकाळी उशिरापर्यंत शाळेत असतात आणि कामाच्या ताणाची तक्रार येथेही मोठी आहे. शिवाय काही शाळांत हाही एक सोहळाच होऊन बसतो. चहा, नमस्कार आणि गोड शब्द.

किनारपट्टी

मी पालघर जिल्ह्यात काम करतो. चर्चा सगळी तासाच्या आत चालली आहे, म्हणून एक वेगळा मुद्दा मांडतो. बालशिक्षणात काम करणाऱ्या ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी बोर्डीला १९४५ मध्ये आणि पुढे कोसबाडला जे काम उभे केले, त्यात आदिवासी मुले शाळेत येत नाहीत ही अडचण होती. मुले गुरे राखायला जात होती. त्यांनी याचा दोष पालकांच्या उदासीनतेवर ढकलला नाही. गुरे चरतात त्या कुरणावर शाळा नेली आणि तिला कुरणशाळा म्हटले. अंगणवाडीची कल्पनाही याच विचारातून, मुलांच्या अंगणात जाऊन शिकवण्यातून आली. एखाद्या शिक्षकाने त्या काळी ‘अनुपस्थिती जास्त, पालकभेट घेतली’ एवढे लिहून रकाना भरला असता, तर तेही नियमाला धरूनच झाले असते.

आज आमच्याकडे दिवाळीनंतर कुटुंबे वीटभट्ट्यांवर जातात, मराठवाड्यातील कुटुंबे ऊसतोडीला जातात. हजेरीपट हा आपल्याकडचा सर्वांत कमी वाचला जाणारा दस्तऐवज आहे असे माझे मत आहे. आपण तो रोज भरतो आणि महिनाअखेर टक्केवारी काढतो, पण एका मुलाची आडवी ओळ तीन महिन्यांची एकत्र पाहिली, तर ते मूल बाजाराच्या दिवशी धाकट्या भावंडाला सांभाळायला घरी राहते, की प्रत्येक नव्या घटकाच्या वेळी नेमके गैरहजर असल्याने मागे पडते, हे दिसते. भागाकार न येणाऱ्या मुलाला भागाकार शिकवला त्या आठवड्यात ते शाळेतच नव्हते, असे निघाले तर चिंतनाचा विषय अध्यापनपद्धती उरत नाही. तेव्हा ते तुकडे परत शिकवण्याची सोय वेळापत्रकात कोठे आहे, हा प्रश्न उभा राहतो.

मध्यंतर

किनारपट्टी सर, हजेरीपटाची सूचना माझ्यासारख्याला लगेच करता येण्याजोगी आहे. ध्वनिमुद्रणही करून पाहीन, मात्र दोन इयत्तांच्या आवाजात कोणाचे काय ऐकू येईल याबद्दल शंका आहे.

एक शंका अजून. राष्ट्रीय शैक्षणिक धोरण २०२० मध्ये प्रत्येक शिक्षकाने वर्षाला किमान ५० तासांचा व्यावसायिक विकास करावा अशी अपेक्षा आहे. हे तास ऑनलाइन अभ्यासक्रमांच्या प्रमाणपत्रांनीच भरायचे, की आपण येथे बोलत आहोत तसले काम त्यात बसू शकते?

निवृत्त_केंद्रप्रमुख

धोरणाच्या मूळ मजकुरात हे तास शिक्षकाच्या स्वतःच्या आवडीनुसार असावेत असे म्हटले आहे आणि स्थानिक पातळीवरील कार्यशाळांचाही उल्लेख आहे. प्रमाणपत्र मोजायला सोपे असते म्हणून यंत्रणा त्याकडे झुकते. त्यामुळे माझा आग्रह असा राहील की नवी योजना मागण्यापेक्षा शिक्षण परिषदेचे जेवणापूर्वीचे दीड तास आपल्याकडे घ्यावेत आणि प्रशासकीय आढावा जेवणानंतर ठेवावा. हे ठरवायला वरचा आदेश लागत नाही. केंद्रप्रमुखाची इच्छा असली की पुरते.

सेवेच्या अखेरच्या काळात आम्ही ते असे करत होतो. प्रत्येक शाळेने एकाच उदाहरणाच्या किंवा एकाच परिच्छेदाच्या काही वह्या आणायच्या, मुलांची नावे झाकायची आणि शाळेचे नाव सांगायचे नाही. सहा-सात जणांच्या गटात वह्या मध्ये ठेवायच्या आणि बरोबर-चूक न म्हणता ‘या मुलाने काय विचार केला असेल’ एवढ्याच प्रश्नावर बोलायचे. बोलण्याची सुरुवात सर्वांत ज्येष्ठ शिक्षकाने आपल्या वर्गातील वहीने करायची, हा नियम नवी_रुजूवात यांच्यासारख्यांसाठी मुद्दाम केला होता. सुरुवातीला काही ज्येष्ठांनी नाराजी दाखवली, आणि एका गृहस्थांनी तर सगळ्या वह्या बरोबर उत्तरांच्याच आणल्या. त्यांना कोणी काही बोलले नाही. पण त्यांच्या वह्यांवर बोलण्यासारखे काही नसल्यामुळे ते इतरांच्या वह्यांकडे वळले आणि पुढच्या वेळी खोडलेल्या पानांची वही घेऊन आले.

इतिवृत्तात आम्ही फक्त घटकाचे नाव, दिसलेले विचारांचे प्रकार आणि पुढील महिन्यात कोणते उदाहरण द्यायचे एवढेच लिहीत असू. शाळा किंवा शिक्षक यांचे नाव नसे, म्हणून विस्तार अधिकाऱ्यांनी मागितले तरी ते देता येत होते. छायाचित्र मात्र मागितले जायचेच. तेव्हा सगळे उठून फलकासमोर उभे राहायचे आणि मग पुन्हा वह्यांवर बसायचे.